एनएफएल टीमचा जनरल मॅनेजर, हे खरंच करिअर असतं का? (भाच्यासाठी विचारतोय)

रामबागचा_मामा

नमस्कार मंडळी, विषय जरा विचित्र आहे, हसू नका. माझा भाचा, म्हणजे ताईचा मुलगा, इथेच इंदूरला बी.कॉम. सेकंड इयरला आहे, सीए फाउंडेशन पहिल्या फटक्यात काढलंय, पोरगा हुशार आहे त्यात वाद नाही. गेली दोन वर्षं रविवारी रात्री साडेदहाला दार लावून लॅपटॉपसमोर बसतो तो पहाटे तीन-चारला झोपतो. आम्हाला वाटायचं अभ्यास करून राहिलाय, ताई तर कौतुकाने दूध ठेवायची. तर ते निघालं अमेरिकन फुटबॉल, म्हणजे तिकडची ती एनएफएल लीग, हेल्मेट घालून एकमेकांच्या अंगावर धावून जातात ते. ठीक आहे बाबा, बघ.

पण गणपतीत सगळे ताईकडे जेवायला जमलो होतो, तेव्हा भाऊजींनी सहज विचारलं की आर्टिकलशिप कुठे करायची ठरवलीस, तर म्हणतो मला जनरल मॅनेजर व्हायचंय. मी म्हटलं वा वा, कुठल्या कंपनीत? तर म्हणतो एनएफएलच्या टीमचा. भाऊजींचा मोदक हातातच राहिला. ताई माझ्याकडे अशी बघायला लागली जणू मीच शिकवलंय.

तर इथे अमेरिकेतले आपले बरेच लोक आहेत म्हणून विचारतो. हा माणूस नक्की करतो काय? कोच वेगळा असतो ना? आणि ज्याने आयुष्यात तो बॉल हातात धरला नाही त्याला ही नोकरी कोण देतं? खरंखुरं सांगा, ताईला मलाच जाऊन समजवायचंय, कुठल्या बाजूने ते अजून ठरलं नाहीये.

छप्पन_दुकान

भिया, आमच्या घरी पोरगा यूट्यूबर व्हायचंय म्हणतो, तुमच्याकडे निदान मॅनेजर तरी म्हणतोय. चेंडू लांबट असतो आणि हाताने खेळतात तरी नाव फुटबॉल, तिथेच मी सोडून दिलं. पण धागा वाचतोय, कोणीतरी नीट लिहा.

बाल्टिमोरचा_इंदुरी

मामा, बरोबर ठिकाणी विचारलंत. मी मूळचा लोकमान्य नगरचा, एकोणीस वर्षं मेरीलँडमध्ये आहे, आणि इथे राहून रेव्हन्सचा (बाल्टिमोरची एनएफएल टीम) नाद लागला नाही असा माणूस विरळा. लांब लिहिणार आहे, चहा घेऊन बसा.

आधी काम. कोच असलेले खेळाडू खेळवतो. कुठले खेळाडू असावेत, किती पैशात, कधी घ्यायचे आणि कधी निरोप द्यायचा हे जीएम, म्हणजे जनरल मॅनेजर, बघतो. ३२ टीम, प्रत्येकीत सीझनला ५३ जण. दर एप्रिलला ड्राफ्ट होतो, कॉलेजची पोरं सात फेऱ्यांत निवडायची, आदल्या वर्षी जी टीम सगळ्यात वाईट खेळली तिचा नंबर पहिला, चॅम्पियनचा शेवटी. आयपीएलसारखी बोली नाही, म्हणजे नुसती थैली मोठी असून उपयोग नाही, नंबर आला की घड्याळ सुरू आणि एक नाव सांगायचं. बाकीचं वर्षभर त्या एका नावाची तयारी.

आता करिअर कसं असतं ते आमच्या इथल्याच माणसावरून सांगतो, ऑझी न्यूसम. अलाबामा राज्यातल्या मसल शोल्सचा, जन्म १९५६. कॉलेजात अलाबामाकडून खेळला आणि तेव्हा तिथे काळे खेळाडू येऊन जेमतेम काही वर्षं झाली होती हे लक्षात घ्या. १९७८ ते १९९० क्लीव्हलँड ब्राउन्सकडून टाइट एंड (अडवणारा आणि पासही झेलणारा खेळाडू), सलग १९८ सामने, एकही चुकवला नाही. १९९९ मध्ये खेळाडू म्हणून हॉल ऑफ फेममध्ये (खेळातल्या थोरांच्या मानाच्या यादीत) गेला. पण सुपर बोल, म्हणजे लीगची फायनल? एकदाही पोचला नाही. तीन वेळा एक पायरी खाली डेन्व्हरकडून हरले.

रिटायर झाल्यावर एवढा मोठा माणूस टीव्हीवर बसून गप्पा मारू शकला असता. हा ब्राउन्समध्येच स्काउट झाला. म्हणजे कॉलेजं फिरायची, सामन्यांची टेप बघायची, तीच टेप मागे घेऊन परत बघायची, आणि अहवाल लिहायचे. तेव्हा तिथे बेलिचिक हेड कोच होता. आणि मग मालक आर्ट मॉडेलने १९९५ च्या सीझनमध्येच जाहीर केलं की टीम उचलून बाल्टिमोरला नेणार. क्लीव्हलँडमध्ये लोक रडले अक्षरशः. कोर्टकचेऱ्या होऊन ब्राउन्स हे नाव आणि रंग तिथेच राहिले, माणसं इकडे आली. गंमत म्हणजे बाल्टिमोरची स्वतःची टीम १९८४ मध्ये एका रात्रीत ट्रक भरून इंडियानापोलिसला गेली होती, म्हणजे चोरीला गेलेल्या घरात दुसऱ्याचं सामान आलं.

तर १९९६ चा एप्रिल. टीम नवी, नावही नुकतंच ठरलेलं, आणि पहिलाच ड्राफ्ट न्यूसमच्या हातात. नंबर चौथा. समोर नेब्रास्काचा लॉरेन्स फिलिप्स, रनिंग बॅक (बॉल घेऊन पळणारा), मैदानात वादळ, पण बाहेर एक्स-गर्लफ्रेंडला मारहाण केल्याची केस झालेली. टीमला रनिंग बॅकची गरज होती आणि खुद्द मालकाचा ओढा त्याच्याकडे होता. न्यूसमच्या यादीत मात्र वरचं नाव जॉनाथन ऑग्डेन, यूसीएलए कॉलेजचा टॅकल (समोरच्यांना अडवणारा), आणि टॅकल तर टीमकडे आधीच होता! म्हणजे घरात फ्रिज आहे आणि तुम्ही परत फ्रिजच घेऊन आलात, वॉशिंग मशीन राहिलंच. पण त्याचं म्हणणं एकच की यादीत जो वर आहे तो घ्यायचा, गरज पुढच्या वर्षी बदलते. मालकाने ऐकलं, हेही त्या म्हाताऱ्याचं मोठेपण. ऑग्डेनला पहिलं वर्ष टॅकलच्या शेजारी गार्ड म्हणून खेळवला. त्याच फेरीत २६ व्या नंबरवर रे लुइस घेतला. दोघंही पुढे हॉल ऑफ फेममध्ये गेले. एका दिवसात दोन! फिलिप्सला सेंट लुइसने सहाव्याला घेतला आणि त्याचं करिअर थोड्याच वर्षांत संपलं.

चार वर्षांनी, २००० च्या सीझनमध्ये, त्याच रे लुइसच्या डिफेन्सने १६ सामन्यांत फक्त १६५ गुण दिले, आणि सुपर बोलमध्ये जायंट्सना ३४-७ हरवलं. आणि हे ऐका, एवढं होऊनही जनरल मॅनेजर ही पदवी त्याला २००२ मध्ये मिळाली, काम आधीपासून तोच करत होता. एनएफएलचा पहिला काळा जीएम.

दुसरा सुपर बोल २०१३ च्या फेब्रुवारीत, न्यू ऑर्लिन्सला, मध्येच स्टेडियमचे अर्धे दिवे गेले आणि ३४ मिनिटं खेळ बंद. माझी आई तेव्हा इथे आली होती, म्हणाली इथेही जाते का लाइट? ३४-३१ जिंकलो कसेबसे.

भाच्याला हे सांगा की एरिक डीकोस्टा म्हणून जो आता जीएम आहे तो १९९६ मध्ये अगदी खालच्या पायरीवर लागला होता. तिथे अशा पोरांना '२०/२० क्लब' म्हणायचे, वय विशीतलं आणि पगार वर्षाला वीस हजार डॉलर. तो खुर्चीत बसला २०१९ मध्ये. तेवीस वर्षं, मामा.

रामबागचा_मामा

बापरे. तेवीस वर्षं ऐकून ताई मला घरात घेणार नाही. पण फ्रिज वाली गोष्ट मस्त आहे. ते दोघं तरी एकाने खेळून आणि दुसऱ्याने पोरवयात तिथे जाऊन लागलेले. सीए करणाऱ्या पोराचं काय काम त्यात?

सीए_वहिनी

मामा, इथे मी बोलते कारण माझ्या मिस्टरांनी मला जबरदस्तीने हा खेळ दाखवलाय आणि मला सामना कळत नाही पण हिशेब फार आवडतो. १९९४ पासून सॅलरी कॅप आहे, म्हणजे एका टीमने खेळाडूंवर वर्षाला किती खर्चायचे त्याची हद्द. पहिल्या वर्षी ३ कोटी ४६ लाख डॉलर होती, २०२५ ला २७ कोटी ९२ लाख. मालक कितीही श्रीमंत असू दे, हद्द तीच.

आता गंमत इथे आहे. खेळाडूला सही केल्याचा बोनस एकदम हातात देतात पण कॅपच्या वहीत तो जास्तीत जास्त पाच वर्षांवर पसरवता येतो, आपण एखादा खर्च पुढे ढकलून राइट ऑफ करतो ना तसा. समजा ५० रुपये दिले, तर दरवर्षी १० दिसतील. पण दोन वर्षांनी त्याला काढला तर उरलेले ३० तुमच्या डोक्यावर, माणूस दुसऱ्या टीमकडे खेळतोय आणि त्याचा खर्च तुमच्या वहीत. याला डेड मनी म्हणतात. फिलाडेल्फिया ईगल्सने २०२१ मध्ये कार्सन वेंट्झ नावाचा क्वार्टरबॅक (पास फेकणारा मुख्य खेळाडू) इंडियानापोलिसला देऊन टाकला तेव्हा असे ३ कोटी ३८ लाख डॉलर त्यांच्या बोकांडी बसले होते, तोवरचा विक्रम. माझा क्लायंट असता तर मी झोपले नसते.

आणि बाल्टिमोरवाल्या दादांनी एक सांगितलंच नाही, त्यांचा न्यूसम यातही पक्का होता. तुमचे खेळाडू कॉन्ट्रॅक्ट संपून दुसरीकडे मोठ्या पैशात गेले आणि तुम्ही तेवढे बाहेरून आणले नाहीत तर लीग भरपाई म्हणून पुढच्या ड्राफ्टमध्ये जादा नंबर देते, तिसऱ्या ते सातव्या फेरीच्या शेवटी. बाकीचे जीएम खेळाडू गेला की हळहळतात, हा माणूस शांतपणे जाऊ द्यायचा आणि भरपाई गोळा करायचा. २०१३ चा सुपर बोल जिंकल्यावर महिनाभरात क्वार्टरबॅक फ्लॅकोला सहा वर्षांचे १२ कोटी ६ लाख डॉलर द्यावे लागले आणि जागा करायला बोल्डिनसारखा मोठा रिसीव्हर (पास झेलणारा) सहाव्या फेरीच्या एका नंबरवर सॅन फ्रान्सिस्कोला देऊन टाकला. सगळे शिव्या देत होते म्हणे. मला तर यात कॉस्टिंगचा पेपर दिसतो.

म्हणून म्हणते, सीए अजिबात वाया जात नाही, उलट त्याला म्हणावं आधी ते पूर्ण कर. आर्टिकलशिप आता दोनच वर्षांची झालीये.

छप्पन_दुकान

वहिनी तुम्ही ज्या प्रेमाने डेड मनी समजावला तसं माझ्या सीएने कधी जीएसटी समजावला नाही.

जुना_होळकर

मी सत्तरीचा माणूस, तुमचा तो खेळ मी पाहिलेला नाही आणि पाहण्याची इच्छाही नाही. पण खेळाडू पारखणारा माणूस म्हणजे काय हे इंदूरला शिकवायची गरज नाही. होळकरांनी नागपूरचा सी. के. नायडू इंदूरला आणला, आणि त्याच्या कप्तानीखाली १९४५-४६ ते १९५२-५३ या काळात होळकर संघ चार वेळा रणजी जिंकला. त्यात आपला मुश्ताक अली. संस्थान गेलं, संघ गेला, मग मध्य प्रदेशला पुढची रणजी जिंकायला २०२२ साल उजाडलं. चंद्रकांत पंडित १९९८-९९ ला कर्णधार म्हणून ज्या बंगलोरच्या मैदानावर फायनल हरला, तिथेच कोच म्हणून जिंकला.

आणि पारख चुकते कशी तेही इथेच बघा. आपला रजत पाटीदार २०२२ च्या आयपीएल लिलावात कोणी घेतला नाही. कोणीही नाही. मग कोणाला तरी दुखापत झाली म्हणून बंगलोरने २० लाखात बोलावला आणि एलिमिनेटरला नाबाद ११२ मारले. २०२५ ला त्यांचा कप्तान होऊन कप घेऊन आला. दहा टीमच्या टेबलावर एवढी हुशार माणसं लॅपटॉप घेऊन बसली होती ना? त्या पोराला सांगा, हे काम शिकायला अमेरिकेला जायच्या आधी होळकर स्टेडियमच्या मागे सकाळी सहाला अंडर-१६ ची नेट बघ. कोण पुढे जाईल ते वहीत लिही आणि तीन वर्षांनी वही उघड. आपल्यातलेच संजय जगदाळे रणजी खेळून पुढे राष्ट्रीय निवड समितीत आणि बोर्डाच्या सचिवपदापर्यंत गेले, तेही इंदूरच्या मैदानावरूनच.

चौथा_डाउन

नमस्कार, मी तोच भाचा. मामाने लिंक फॅमिली ग्रुपवर टाकली (चुकून, नंतर डिलीट केली, पण आईने बघितली).

पहिली गोष्ट, मामा, मी साडेदहाला दार लावायचो कारण हॉलमध्ये तुमच्या सिरियल चालू असतात. दुसरी, मी जीएम होणारच असं म्हटलं नाही, व्हायचंय म्हटलं. ३२ च खुर्च्या आहेत हे मला माहितीये.

न खेळता होता येतं याचं उदाहरण हावी रोझमन आहे, ईगल्सचा, वहिनींनी ज्याचा डेड मनी सांगितला तोच. ब्रुकलिनला जन्म, न्यू जर्सीत वाढला, प्रो फुटबॉल कधी खेळला नाही, लॉ केलं, आणि शाळेपासून एनएफएलच्या टीमना पत्रं लिहायचा, नकारावर नकार. २००० मध्ये ईगल्सने त्याला इंटर्न म्हणून घेतला, काम कॉन्ट्रॅक्ट आणि कॅपचं. २०१० मध्ये चौतिसाव्या वर्षी जीएम. मग २०१५ मध्ये कोच चिप केलीच्या हातात सगळी निवड गेली आणि याला बढतीचं नाव देऊन बाजूला बसवला. मला त्याचा हाच भाग सगळ्यात आवडतो. त्या वर्षात तो इतर टीमवाल्यांना, दुसऱ्या खेळांतल्या मॅनेजरांना भेटत फिरला, लोक निर्णय कसे घेतात ते विचारत. वर्ष संपायच्या आत केली गेला, हा परत आला आणि २०१८ च्या फेब्रुवारीत पॅट्रियट्सना ४१-३३ हरवून सुपर बोल, तेही वेंट्झ जखमी असताना बॅकअप निक फोल्सला घेऊन. बॅकअप चांगला ठेवणं हेही जीएमचंच काम ना. परत २०२५ ला चीफ्सना ४०-२२. २०२० ला दुसऱ्या फेरीत ५३ व्या नंबरवर जेलन हर्ट्स घेतला तेव्हा फिलाडेल्फियात शिव्या पडल्या होत्या, क्वार्टरबॅक असताना परत क्वार्टरबॅक. बाल्टिमोर काकांचा फ्रिज.

अँड्र्यू बेरी हार्वर्डचा, २०२० मध्ये ३२ व्या वर्षी ब्राउन्सचा जीएम. क्वेसी अडोफो-मेन्सा आधी वॉल स्ट्रीटवर ट्रेडिंग करायचा, मग ४९अर्सच्या रिसर्च विभागात आला, २०२२ मध्ये व्हायकिंग्जचा जीएम झाला. म्हणजे दारं दोन-तीन आहेत, खेळाडूचं, स्काउटचं आणि आकड्यांचं. माझ्यासाठी तिसरंच.

मी ३२ टीमना ईमेल केलेत. दोन उत्तरं आली, दोन्ही नकार, पण एकाने खाली एक ओळ जास्त लिहिली होती की तुझी कॅपची एक्सेल शीट बघितली. बघितली एवढंच. मी ती प्रिंट काढून ठेवलीये.

आणि आजोबा, नेटची आयडिया भारी आहे. सोमवारी येतो.

बाल्टिमोरचा_इंदुरी

शाब्बास रे. काका म्हणतोस म्हणून एक कडू पण सांगतो. तू उदाहरणं दिलीस ती सगळी अमेरिकेत राहणारी, शिकलेली माणसं. तुझ्यापुढे आधी व्हिसा आहे, मग मास्टर्सची फी, मग तो विशीतला वीस हजारवाला पगार, आता थोडा बरा असेल पण कर्ज फेडण्यासारखा नाही. सीए पुरं करून ये, म्हणजे नाहीच जमलं तरी पोट भरेल. आणि नुसत्या शीट पाठवू नको, टेप बघून लेखी अहवाल लिहायची सवय लाव, एका खेळाडूवर एक पान, त्यात तू काय चुकलास तेही वर्षाने लिही. न्यूसमही चुकला आहे, २००३ ला पुढच्या वर्षीचा पहिल्या फेरीचा नंबर देऊन काइल बोलर नावाचा क्वार्टरबॅक घेतला, काही झालं नाही त्याचं.

आणि हो, २०१८ चा ड्राफ्ट बघितलायस ना? न्यूसमचा जीएम म्हणून शेवटचा. पहिल्या फेरीचा शेवटचा ३२ वा नंबर तुझ्या रोझमनकडे होता, चॅम्पियन म्हणून. आम्ही आमचे दुसरे नंबर देऊन तो घेतला आणि क्वार्टरबॅक लमार जॅक्सन आणला. २०१९ ला एमव्हीपी (सीझनचा सर्वोत्तम खेळाडू), एकही मत विरोधात नाही, २०२३ ला परत.

रामबागचा_मामा

मंडळी, सगळ्यांचे आभार. ताईने पूर्ण धागा वाचला. दोन दिवस काही बोलली नाही. काल म्हणाली सीए फायनलपर्यंत हा विषय जेवताना काढायचा नाही, त्यानंतर बघू. भाऊजींना फक्त ते वीस हजार डॉलर गुणिले रुपये किती होतात तेवढं कळलं, ते खूश आहेत, मी महिन्याचे आणि वर्षाचे यातला फरक समजावला नाहीये अजून.

सुपर बोल फेब्रुवारीत सोमवारी पहाटे पाचला असतो म्हणे आपल्याकडे, यंदा सगळे ताईकडेच जमणार, पोहे ती करणार आणि जिलबी माझ्याकडे.

आता माझा एक प्रश्न राहिलाय. भाच्याने काल मला तो २०१८ चा ड्राफ्ट दाखवला. त्यात बाल्टिमोरने त्याच फेरीत आधी २५ व्या नंबरवर हेडन हर्स्ट नावाचा कोणी टाइट एंड घेतला, आणि लमार तेव्हा तिथेच बसला होता की. यादीत जो वर आहे तो घ्यायचा ना? मग पंचविसाव्याला लमार का नाही घेतला?

बाल्टिमोरचा_इंदुरी

मामा, हे आम्ही इथे तेव्हापासून विचारून राहिलोय. तुम्ही गेलात आता कामातून, रविवारी साडेदहाला भाच्याच्या खोलीत एक खुर्ची अजून टाका.